मोहिनीनंतरची सदुसष्ट वर्षं

आधी नीट बसा. गोदाघाटावर जाता आलं तर फारच चांगलं, नाही जमलं तर घरातली खिडकी चालेल. पाऊस सरत आला आहे असं धरा. नाशिककर नदीचं पाणी दुतोंड्या मारुतीवर मोजतात. गुडघ्याला लागलं, कमरेला लागलं, छातीपर्यंत आलं, असं एकमेकांना फोनवर सांगतात आणि त्यावरून घाटावरची दुकानं हलवायची की थांबायचं ते ठरतं. आज पाणी उतरलं आहे. पायऱ्यांवरचा गाळ धुऊन झाला आहे. रामकुंडापाशी कुणीतरी द्रोणात दिवा सोडला आहे.

नुसत्या नदीकडे पाहिलं की नजर कुठेच ठरत नाही. म्हणून तो एक दिवा धरा. तो पायरीला लागेल, भोवऱ्यात अडकेल, पुन्हा सुटेल, गाडगे महाराज पुलाकडे सरकेल. दिसतो आहे तोवर दुसऱ्या दिव्याकडे जाऊ नका.

इतकं जमलं की मनात एक नाव आणा. कमलाबाई गोखले.

नाव ऐकल्याबरोबर मन काय करतं ते बघा. ज्यांनी कुठे वाचलं असेल त्यांच्या मनात एक ओळ उभी राहील, भारतीय चित्रपटातल्या अगदी पहिल्या अभिनेत्रींपैकी एक. ज्यांनी वाचलं नसेल त्यांना विक्रम गोखल्यांची आजी असं सांगितलं की ओळख पटेल. दोन्ही खरं आहे आणि दोन्ही एका श्वासात संपतं. मलाही बरीच वर्षं तेवढंच माहीत होतं. ‘पहिली’ या शब्दात मोठा मान आहे, असं वाटायचं. मान आहेच. पण त्या शब्दाने बाईंना तेराव्या वर्षाशीच उभं करून ठेवलं आहे, हे फार उशिरा ध्यानात आलं. म्हणून आज ती ओळ बाजूला ठेवू, आणि पुढे जायची घाई करायची नाही.

दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली एक लहानशी फिल्म केली होती. लंडनहून कॅमेरा आणलेला, हाताशी पैसा नाही, आणि जे पैसे देऊ शकतील त्यांना हे यंत्र काय करतं ते दाखवायचं होतं. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा ठेवला आणि एकेक चौकट टिपत राहिले, महिनाभराहून जास्त. पडद्यावर तोच वाटाणा मिनिटभरात माती फोडून वर आला आणि त्याचा वेल झाला. नाव होतं ‘अंकुराची वाढ’. पाहणाऱ्यांना त्या मिनिटाची जादू वाटली असेल. मला मात्र तो महिना आठवत राहतो. मातीत काहीच हललेलं दिसलं नसेल, असेही दिवस त्यात असणार. त्या दिवशीही चौकट घ्यायचीच.

कलावंताचं आयुष्य आपल्यापर्यंत पोचतं ते त्या मिनिटासारखं, घट्ट गुंडाळलेलं. आज आपण ते उलगडायचं. मिनिटाचा पुन्हा महिना करायचा.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लागला. त्यातली तारामती होते अण्णा साळुंके, ग्रँट रोडकडच्या एका उपाहारगृहात कामाला असलेले. फाळक्यांनी बाई शोधली नाही असं नाही. ते अगदी वेश्यावस्तीतही विचारून आले, असं सांगतात. कुणी तयार होईना. सिनेमात काम करणं त्याहूनही हलकं वाटावं, असा तो काळ होता. नाटकाकडे बघितलं तर त्याच १९१३ साली बालगंधर्वांनी गंधर्व नाटक मंडळी काढली, आणि रंगमंचावरची बाई कशी दिसते, कशी चालते, हे महाराष्ट्र पुरुषांकडून शिकत होता. स्त्रीपार्टी नट हा मानाचा शब्द होता. बायकांच्या वेगळ्या मंडळ्याही होत्या, पण त्यांच्या वाट्याला तो मान येत नसे.

हरिश्चंद्रानंतर फाळके बिऱ्हाड घेऊन नाशकात आले. त्र्यंबकेश्वर हे त्यांचं जन्मगाव, त्यामुळे ते घरीच आले म्हणायचं. इथे त्यांनी दुसरा चित्रपट करायला घेतला, ‘मोहिनी भस्मासुर’. या चित्रपटात दोन बायका होत्या. पार्वतीच्या भूमिकेत दुर्गाबाई कामत, आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला.

इथे थांबा. डोळे मिटलेत तरी चालेल.

ऊन बघा. नाशिकचं ऊन, पाऊस सरल्यावर पडतं तसं स्वच्छ. त्या काळात शूटिंग उन्हावरच चाले. दादरला असताना सरस्वतीबाई फाळके नटांच्या तोंडावर उजेड पडावा म्हणून पांढऱ्या चादरी धरून तासन्‌तास उभ्या राहत, आणि त्या सगळ्यांचा स्वयंपाकही त्याच करत. तेव्हा रंगवलेला पडदा, वर उघडं आभाळ, आणि मध्ये दागिने घालून उभी असलेली एक मुलगी. तिचा जन्म १९०० च्या सुमारासचा, म्हणजे वय तेराच्या आसपास. तोंडाला रंग लावणं तिला नवं नाही. चार वर्षांची असल्यापासून ती रंगमंचावर आहे. आई नवऱ्यापासून वेगळी झाली, मुलीला घेऊन नाटकात आली. बाईने एकटीने पोट भरायचं तर त्या वेळी किती दारं उघडी होती, हे मनाशी मोजून बघा. म्हणून या मुलीचं घर म्हणजे कंपनीचा मुक्काम, आणि शाळा म्हणजे तालीम.

तिचा आवाज मात्र आज कुणाला नको आहे. याचा जरा विचार करा. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचला पाहिजे, हे तिला लहानपणापासून शिकवलेलं. समोर माणसं असली की त्यांची चुळबुळ, खोकला, वन्समोर, यावरून आपलं काम कसं चाललंय ते कळतं. इथे समोर एक लाकडी पेटी आहे. एक माणूस हँडल फिरवतो आहे आणि त्याची खटखट ऐकू येते आहे. एका सेकंदाला सोळाच्या आसपास चित्रं. ती बोलली तरी पडद्यावर नुसते ओठ हलणार. मग नटीने आवाजाचं करायचं काय? तो हातात उतरवायचा, मानेत, डोळ्यांत. तेरा वर्षांच्या मुलीला हे कुणी समजावून सांगितलं असेल की तिचं तिलाच उमगलं असेल? हा प्रश्न सोडवायचा नाही. नुसता जवळ ठेवायचा.

आता भूमिका. भस्मासुराची गोष्ट आपल्याला आजीकडून कळलेली असते. ज्याच्या डोक्यावर हात ठेवीन तो भस्म होईल, असा वर मिळालेला असुर, आणि त्याला नाचवून स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवायला लावणारी मोहिनी. मोहिनी कोण, तर विष्णू. म्हणजे बाईचं रूप घेतलेला पुरुष. अख्खी रंगभूमी तेव्हा हेच करत होती, पुरुष बाईचं रूप घेत होता आणि लोक मोहून जात होते. नाशकातल्या त्या उन्हात मात्र बाईचं रूप घेणाऱ्या देवाचं काम खरोखरीच्या मुलीने केलं. ती हात उचलते, असुर हात उचलतो. ती कमरेवर ठेवते, तोही ठेवतो. सगळं काम हातांवर आहे. शब्दाची गरजच नाही. मूकपटासाठी यापेक्षा नेमकी गोष्ट सापडणं अवघड होतं, असं मला वाटतं.

आणि हा चित्रपट आज पाहायला मिळत नाही. ज्या कामामुळे आपण कमलाबाईंचं नाव घेतो, ते काम आपल्यापैकी कुणीही पाहिलेलं नाही. मनात आत्ता जो हात उचललेला दिसला, तो आपणच घडवलेला आहे. तो हळूच खाली येऊ द्या.

इथवर मी तिला ‘ती’ म्हटलं. यापुढे त्या.

त्यांचं लग्न रघुनाथराव गोखल्यांशी झालं. रघुनाथराव किर्लोस्कर नाटक मंडळीत स्त्रीभूमिका करणारे नट. आवाज फुटला की स्त्रीपार्टी नटाची ती कारकीर्द संपत येते, तसं त्यांचं झालं होतं. त्या घराचा विचार केला की मला फार जवळचं काहीतरी वाटतं. एकाने बायका रंगवल्या आहेत, दुसरीने बाईचं रूप घेतलेला देव रंगवला आहे, आणि पुढे रंगमंचावर पुरुषांच्या भूमिकाही तिने केल्या. लुगड्याचा सोगा कसा सांभाळायचा आणि फेट्याखाली केस कसे बसवायचे, हे दोन्ही या घरात दोघांनाही ठाऊक असणार. 

मग रघुनाथराव गेले. कमलाबाई पंचविशीच्या आसपास होत्या आणि तिसरं मूल पोटात होतं.

दिवा भोवऱ्यात अडकतो तो इथे. घाईने पुढे ढकलू नका. १९२० च्या दशकातली तरुण विधवा, नाटकवाली, तीन मुलं. तिच्यासाठी नाटक ही हौस नव्हती आणि क्रांतीही नव्हती, महिन्याचा किराणा होता. चरित्रांमध्ये अशा जागी ‘त्यांनी हिंमत सोडली नाही’ असं एक वाक्य येतं. ते वाक्य खोटं नाही, पण त्याखाली किती पहाटा आहेत ते बघावं. मुक्कामाच्या गावी उतरायचं, मुलांची सोय लावायची, कुणी तापाने फणफणलं असलं तरी संध्याकाळी तोंडाला रंग लावून उभं राहायचं, रात्री उशिरा तो पुसायचा, आणि सामान बांधायचं. मातीत काही हललेलं दिसत नाही असे हे दिवस. चौकट मात्र रोज घ्यायची.

१९३१ साली ‘आलम आरा’ आला आणि पडदा बोलू लागला. तेराव्या वर्षी ज्या कमलाबाईंचा आवाज कॅमेऱ्याला नको होता, त्या आता तिशीत होत्या. नायिकांसाठी नव्या, गाणाऱ्या मुली आल्या. मराठी नाटकातही १९३३ च्या ‘आंधळ्यांची शाळा’त स्त्रीभूमिका स्त्रियांनीच केल्या, आणि हळूहळू घरंदाज घरांतल्या बायका रंगमंचावर येणं लोकांच्या अंगवळणी पडलं. दार उघडलं, आत येणाऱ्यांची वाखाणणी झाली. ज्यांनी आधी ते ढकलून धरलं होतं, त्या तोवर चरित्रभूमिकांच्या वयाला आल्या होत्या. याची मला खंत वाटते, आणि ती लपवावी असंही वाटत नाही.

कमलाबाईंच्या नावावर पस्तीसच्या आसपास चित्रपट सांगितले जातात. आपल्याला त्यातले किती आठवतात? मला विचाराल तर पहिला आणि शेवटचा. शेवटचा म्हणून ‘गहराई’चं नाव घेतलं जातं, १९८० चा. अरुणा-विकास यांचं दिग्दर्शन, श्रीराम लागू, अनंत नाग, पद्मिनी कोल्हापुरे यांची कामं. १९१३ ते १९८०. मधली वर्षं मोजा. सदुसष्ट. बोटांवर मोजायला लागलात तर वेळ लागेल, आणि तो लागू द्या. हाताने हँडल फिरवायच्या कॅमेऱ्यासमोर जी मुलगी उभी राहिली, तीच बाई रंगीत फिल्मवर, ध्वनी आणि दिव्यांच्या सगळ्या सरंजामात, ऐंशीच्या उंबरठ्यावर पुन्हा उभी आहे. फाळक्यांना नाशकातच देह ठेवून तोवर छत्तीस वर्षं झाली होती.

मुलांचं काय झालं, हेही त्या किराण्याच्या हिशेबात धरायला हवं. थोरले चंद्रकांत गोखले, १९२१ चा जन्म. लहानपणीच तोंडाला रंग लागला आणि नट म्हणून ते दीर्घ आयुष्य जगले. लालजी आणि सूर्यकांत तबल्याकडे गेले. चंद्रकांतरावांचे चिरंजीव विक्रम गोखले, नाटक, सिनेमा, दूरदर्शनच्या मालिका, सगळीकडचे. दिवाणखान्यात टीव्हीवर त्यांचा तो ठरावीक विराम आला की आमच्या घरातही सगळे गप्प व्हायचे. बोलणं थांबवून नुसत्या डोळ्यांनी वाक्य पुरं करायची ती रीत. आजीच्या मूकपटातून ती आली, असं म्हणण्याइतका पुरावा माझ्याकडे नाही. पण ती पाहताना नाशकातलं ऊन मला दरवेळी आठवतं.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला रीना मोहन यांनी कमलाबाईंवर ‘कमलाबाई’ नावाचा माहितीपट केला. तेव्हा त्या पुण्यात राहत होत्या आणि नव्वदीच्या आसपास होत्या. शरीर थकलेलं, पण नटीपण जराही थकलेलं नाही. मिळाला तर पाहा, आणि पाहताना त्या काय सांगतात यापेक्षा सांगताना हात काय करतात तिकडे लक्ष ठेवा. मोहिनीचा हात आपल्याला कधीच दिसणार नाही. हे हात तिचेच आहेत.

आता थोडी विश्रांती. श्वास आपोआप चालू दे. पाण्याचा आवाज ऐका.

याच नाशकात आणखी एक मुलगी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली होती, आणि ती मात्र आजही दिसते. मंदाकिनी, फाळक्यांचीच लेक. हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी नाशकात उभी राहिल्यावर १९१९ साली ‘कालिया मर्दन’ झाला. कृष्णाचं काम तिचं, आणि वय सात. चित्रपट सुरू होतो तोच मुळी विलक्षण. गोष्ट नाही, गोकुळ नाही. पडद्यावर पाटी येते, सात वर्षांच्या लहान मुलीचे मुद्राभाव. मग फक्त ती. मुकुट नाही, मोरपीस नाही. कॅमेरा जवळ आहे आणि ती एकेक भाव करून दाखवते आहे. मग हळूहळू त्या मुलीच्या जागी कृष्णाच्या वेषातली तीच उमटते.

तो चेहरा मी कितीदा तरी पाहिला आहे. एक भाव संपतो आणि दुसरा सुरू व्हायचा असतो, त्या मधल्या क्षणावर थांबा. तिथे ती काहीच करत नाही. पुढे काय करायचंय ते आठवते आहे. तिथे कृष्ण नाही, नटी नाही, नाशकातल्या एका घरातली पोर आहे, जिला बापाने सांगितलंय इथे उभी राहा. आणि पुढच्याच क्षणी ती इतकी पुरती त्या भावात शिरते की आपण शंभराहून अधिक वर्षांनी, आवाज नसलेल्या त्या चित्रासमोर हसतो. ‘श्रीकृष्ण जन्म’ आणि ‘कालिया मर्दन’ यांच्यापलीकडे मंदाकिनीचं नाव पडद्यावर फारसं येत नाही. एका मुलीने सदुसष्ट वर्षं काम केलं आणि तिचं सुरुवातीचं चित्र हरवलं. दुसरीचं काम बालपणीच थांबलं आणि तिचा चेहरा राहिला. या दोघींना शेजारी बसवून बघा. तराजू काढू नका. नुसत्या शेजारी बसू द्या.

शेवटचा भाग घरी करायचा आहे, आज रात्रीच.

पांडवलेण्याच्या पायथ्याशी फाळक्यांचं स्मारक आहे. तिथे मुलं खेळतात, आईवडील बाकांवर बसतात. त्यांच्यात अशी एखादी मुलगी असतेच जी कॉलेजच्या एकांकिकांमधून काम करते आहे आणि ऑडिशनसाठी पहाटेची गाडी धरून कसारा घाट उतरून मुंबईला जाऊन येते आहे. तुमच्याही ओळखीत असेल. राज्य नाट्य स्पर्धेत कधीकाळी बक्षीस मिळवलेली, नंतर एका मालिकेत शेजारीण झालेली, दुसरीत नर्स, तिसरीत लग्नाच्या मांडवातली मावशी. तिला लोक भाजीबाजारात थांबवतात आणि विचारतात, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय. ती हसते. आता नवीन काय चाललंय, असं विचारलं की म्हणते, आहे चालू. त्या दोन शब्दांमागे किती फोन न आलेले दिवस आहेत, ते आपण विचारत नाही.

आज रात्री मालिका लागली की आवाज बंद करा. घरातली माणसं कुरकुरतील, दहा मिनिटं मागून घ्या. सगळं मूकपट होईल. नायिका रडते आहे, सासू मान फिरवते आहे, कॅमेरा तिघांच्या तोंडावर तीन वेळा जातो आहे. तिकडे बघू नका. मागे, सोफ्याच्या पलीकडे, दाराशी एक बाई उभी आहे. तिला आज वाक्य नाही. हातात पूजेचं ताट आहे, त्यात हळदीकुंकवाच्या कोयऱ्या, निरांजन, सुपारी. सकाळच्या कॉल टाइमला आलेली, हा प्रसंग कितव्यांदा तरी होतो आहे, आणि ताट जड आहे. दिवा धरलात तसं तिला धरा. पुढच्या दृश्यात ती नसेल.

तिचा डावा हात बघा. ताट हलू नये, निरांजन कलंडू नये, म्हणून तिने अंगठा काठाच्या आत दाबून धरला आहे. नख पांढरं पडलं आहे. नायिकेचा हुंदका संपेपर्यंत तो तसाच आहे.